राजा आर्जवसेनाचे तीन पाहुणे

एका राज्यात पाहुणा वेशीवर दिसला की ओढाताण सुरू होई. "आमच्याकडे चला", "छे, आमच्याकडे" असं म्हणत चार घरची माणसं त्याला चहूंकडून धरत, आणि ज्याच्या हाती तो लागे त्याच्या घरी त्या दिवशी सण. पाहुण्याला भूक आहे की नाही, हे विचारण्याची तिथं पद्धत नव्हती. पान वाढलं की भूक लागतेच, असं सगळे धरून चालत.

त्या राज्यात निरोपाचीही एक रीत होती. पाहुण्यानं निरोप तीनदा मागायचा. पहिल्यांदा मागितला की यजमानानं म्हणायचं, "आत्ताच तर आलात." दुसऱ्यांदा मागितला की म्हणायचं, "उद्याचं उद्या पाहू." तिसऱ्यांदा मागितला की मग डोळे पुसत शिदोरी बांधायची. आणि पाहुण्यानं न मागता यजमानानं "आता निघा" म्हणणं, याहून घोर पातक त्या राज्यात नव्हतं. चोराला तिथं क्षमा होई, असं बोलणाऱ्याला नाही.

राज्य असं, तर राजा कसा असेल? त्याचं नाव आर्जवसेन. मनानं लोण्याहून मऊ, आणि आग्रहाला पहाडाहून कठीण. त्याच्या पंगतीतून उठलेला माणूस दोन दिवस आडवा पडून राही आणि तरी राजाचं कौतुक करी. मीही केलं असतं. असा राजा शिव्या खाण्याच्या लायकीचा नसतो, ही मोठी अडचण असते.

सात वर्षांपूर्वी त्यानं शिंपबेटाच्या नाईकाची लेक वेलावती लग्न करून आणली. शिंपबेट म्हणजे खाऱ्या समुद्रातलं चिमुकलं बेट. तिथल्या बायका बोलता बोलता जाळी विणतात आणि त्यांच्या अंगणात सदा सुकटीचा वास असतो. राजवाडा मात्र डोंगराच्या पायथ्याशी. राजानं राणीला काही कमी पडू दिलं नाही. तूप दिलं, केशर दिलं, बोट हलवावं लागू नये म्हणून बारा दासी दिल्या. राणी थोडं बोले, हळू हसे. राजाला वाटे, सुखी आहे म्हणूनच शांत आहे.

लग्नात नदीच्या डोहातली म्हातारी जादूगारीण डोहाई हिनं आहेर म्हणून एक जीवमणी दिला होता. देताना ती म्हणाली, "हा ज्या पाण्यात असेल त्या पाण्यातला जीव मरणार नाही. मरणार नाही, एवढंच मी म्हटलं आहे. जगेल असं म्हटलेलं नाही." राजानं आभार मानून तिला आणखी एक लाडू वाढला.

पुढे एका वर्षी राजा राज्य पाहायला निघाला आणि त्याला तीन मासे भेटले.

पहिला भेटला घाटमाथ्यावर, धबधब्याखाली. त्याचं नाव कातळचिकटा. तळहाताएवढा, पण त्याचे पर चारी बाजूंना ताटलीसारखे पसरलेले. त्या परांनी काळ्या कातळाला धरून तो बसे, आणि ज्या धारेत हत्तीचा पाय टिकणार नाही त्या धारेत खुशाल मिशा हलवी.

दुसरा भेटला खाडीच्या चिखलात, तिवरांच्या मुळांपाशी. त्याचं नाव निवटा. डोळे डोक्याच्या टोकावर, आणि पुढचे दोन पर कोपरांसारखे टेकून तो चक्क चालत होता. राजाला पाहून त्यानं पाठीवरचा निळ्या ठिपक्यांचा पर निशाणासारखा उभा केला. हे आपलं स्वागतच, असं राजाला वाटलं. खरं तर निवटा त्याला हाकलत होता.

तिसरा भेटला भर दर्यात. त्याचं नाव पाखरू. त्याचे पर अंगाएवढे लांब, पातळ, आतून प्रकाश दिसेल असे. पाण्यातून तो वर झेपावला, चाळीस लाटा खाली राहू दिल्या आणि मग पुन्हा पाण्यात शिरला.

राजाचं मन भरून आलं. तो प्रत्येकाला म्हणाला, "आमच्या घरी चला." मासे काही बोलले नाहीत. नको म्हणाले नाहीत, म्हणजे येतो म्हणाले, असं धरून राजानं तिघांना तांब्याच्या घंगाळात घालून वाड्यावर आणलं. वाड्याच्या पुष्करिणीत गुलाबपाणी सोडलं, तळाशी जीवमणी ठेवला आणि मासे त्यात सोडले.

मग पाहुणचार सुरू झाला. सकाळी दूधभात, दुपारी शिरा, संध्याकाळी पेढ्यांचा चुरा. कातळचिकट्याला धारेचा त्रास होऊ नये म्हणून कारंजं बंद ठेवलं. निवटा दिवसातून दहा वेळा काठावर चढून येई, आणि दहाही वेळा कुणी तरी दासी "पडला बिचारा" म्हणत त्याला हळूच उचलून खोल पाण्यात सोडी. पाखरू उडून आपटू नये म्हणून वर रेशमाची जाळी बांधली. रोज पहाटे राजा स्वतः काठावर येऊन विचारी, "काही हवं नको?" मासे काही मागत नसत. निरोपही मागत नसत.

असं वर्ष गेलं. मासे मेले नाहीत. मणी होता ना. पण एका सकाळी राणी काठावर बसून पाखराला हात लावायला वाकली, तो पाखरानं पर मिटले. निवट्यानं मिटले. कातळचिकट्यानं मिटले. तिघेही तळाशी जाऊन पडले. आणि राणीनं हात पाण्याबाहेर काढला, तेव्हा तिच्या दोन्ही हातांची दहा बोटं मिटली होती. ती काही केल्या उघडेनात. हात लावावा तर दगडासारखे गार.

वैद्य आले, लेप झाले, शेक झाले. राजा राणीला आपल्या हातानं भरवू लागला आणि भरवताना रडू लागला. गारवा मात्र बोटांवरून मनगटाकडे चढत होता.

प्रतिपदेच्या सकाळी डोहाई दारात उभी राहिली. राजानं सवयीनं पाट मांडला. ती बसली नाही.

"तुझ्या घरचं पाणी मला प्यायचं नाही," ती म्हणाली. "त्यात माझा मणी पडला आहे आणि त्याच्याभोवती तीन जीव ना मेलेले ना जिवंत."

"मी त्यांना फुलासारखं जपलं, आजी."

"ठाऊक आहे. म्हणून तर तुझी दया येते. शाप मी दिला नाही, राजा. तूच इतक्या मायेनं रांधलास. येत्या पुनवेला हा गारवा राणीच्या काळजाला भिडेल."

राजानं तिचे पाय धरले. "उपाय सांगा."

"जितके जीव तू घरी आणून ठेवलेस, तितके आपल्या पायांनी चालून घरी पोचव. नोकर नाही, पालखी नाही. मी मण्याचे दोन भाग करते. एक घंगाळात टाक, एक मनगटाला बांध. त्यानं तू ज्याच्या घरी जाशील त्याच्या मापाचा होशील, आणि बुडून मरणार नाहीस. प्रत्येकाच्या घरी सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत पाहुणा हो. ते खातील ते खा, ते बसतील तिथं बस. आणि निघताना तुझ्याच रितीनं निरोप माग."

"तीनच तर आहेत," राजा म्हणाला.

डोहाईनं त्याच्याकडे जरा वेळ पाहिलं आणि ती निघून गेली.

राजानं घंगाळ भरून डोक्यावर घेतलं आणि पहिल्याच पावलाला अडला. डोंगर, खाडी, दर्या एवढं त्याला आठवत होतं, पण कुठला कातळ, कुठलं बीळ, कुठलं पाणी, हे त्यानं कुणाला विचारलंच नव्हतं.

पुष्करिणीच्या भिंतीवर एक पाणकावळा पंख वाळवत बसला होता. तो म्हणाला, "मी वाट दाखवतो, महाराज."

"तुला त्यांची घरं कशी ठाऊक?"

"मी मासे खातो. ज्याला खायचं त्याचं घर ठाऊक असावं लागतं. ज्याच्यावर नुसती माया करायची त्याचं नसलं तरी चालतं, असं तुमच्याकडे पाहून वाटतं."

राजाला हे लागलं. त्यानं एवढंच विचारलं, "या तिघांना खाणार नाहीस ना?"

"यांना नाही," पाणकावळा म्हणाला, आणि घंगाळाकडे पाहून त्यानं एकदा आवंढा गिळला. पुढे सगळा प्रवास तो बिचारा अर्धपोटी होता.

तिसऱ्या दिवशी सूर्य उगवताना राजा धबधब्याखाली पोचला. त्यानं कातळचिकट्याला ओंजळीत घेऊन ओल्या कातळावर ठेवलं. धार अंगावर आली, आणि माशानं एकेक पर उघडला. वर्षभर एक अक्षर न बोललेला तो जीव आपल्या घरी पोचताच बोलू लागला.

"ये, राजा. बस. पण धरून बस."

राजा तळहाताएवढा झाला आणि कातळावर बसला. धारेनं त्याला तत्क्षणी खाली नेलं. तो चढून आला, पुन्हा गेला. दुपारपर्यंत राजा बसत होता आणि वाहत होता. त्याची दहाही नखं फुटली. जेवायला होतं कातळावरचं शेवाळ. यजमान ते ओठांनी खरवडून खाई, राजानं दातांनी खरवडलं.

"जरा संथ पाणी नाही का रे कुठं?" शेवटी त्यानं विचारलं.

"संथ पाण्यात माझा श्वास कोंडतो," कातळचिकटा म्हणाला. "तुझ्या घरी मी वर्षभर धरायला धार शोधत होतो. तू कारंजं बंद केलंस तेव्हा मी फार रडलो. पाण्यात तुला ते दिसलं नसेल."

सूर्य कलला. राजानं निरोप मागितला.

"आत्ताच तर आलास," मासा म्हणाला. "तुझ्या घरून शिकलो मी हे."

धारेचा मारा खात राजानं दुसऱ्यांदा मागितला. "उद्याचं उद्या पाहू," मासा म्हणाला. तिसऱ्यांदा मागताना राजाच्या तोंडातून धड शब्द फुटेना. तेव्हा कुठे त्याला निरोप मिळाला. आयुष्यात पहिल्यांदाच तो या रितीच्या पलीकडच्या टोकाला उभा होता. तिथून ती तितकीशी गोड दिसली नाही.

पाणकावळा वाड्यावर उडत जाऊन दुसऱ्या दिवशी परत आला. "राणीसाहेबांच्या दोन्ही करंगळ्या उघडल्या," तो म्हणाला. राजानं घंगाळ उचललं आणि नदीच्या कडेनं खाली पळत सुटला.

सहाव्या दिवशी तो खाडीवर आला. ओहोटी लागली होती, आणि मैलभर नुसता चकाकणारा चिखल. निवट्याला त्यानं चिखलावर सोडलं. निवटा आधी उजव्या कुशीवर लोळला, मग डाव्या. अंगभर चिखल माखून झाल्यावर त्यानं निळ्या ठिपक्यांचं निशाण उभं केलं.

"आता बोलतो," तो म्हणाला. "मी पडत नव्हतो. मी चढत होतो. एवढं तुझ्या दासींना सांग. त्यांचा स्वभाव चांगला आहे, पण दिवसातून दहा वेळा चांगुलपणा सोसणं अवघड जातं."

राजाला हसू आलं आणि लाजही वाटली. निवटा पुढे चालू लागला आणि राजा मागे रुतू लागला. गुडघा, मांडी, कंबर. निवट्यानं त्याला पर टेकून चालायला शिकवलं, म्हणजे कोपर टेकून. दोघांनी चिखलावरची साय चाटली. एक इवलासा खेकडा धरून निवट्यानं त्याची नांगी पाहुण्याला दिली. मग भरती आली आणि निवटा त्याला आपल्या बिळात घेऊन गेला.

बीळ पाण्यानं भरलेलं होतं. फक्त आतल्या टोकाला छतापाशी एका घुमटीत थोडी हवा साठवलेली होती. निवटा तोंडात हवेचा घोट भरून बाहेरून येई, तो तिथं सोडी आणि पुन्हा जाई. असे कितीतरी घोट त्यानं आणले.

"पाहुण्यासाठी," तो म्हणाला. "रोज इतके आणत नाही."

त्या अंधाऱ्या बिळात राजा नाक वर करून ती साठवलेली हवा ओढत बसला. एवढ्या कष्टानं कुणी आपल्याला काही वाढलं आहे, असं त्याला कधी वाटलं नव्हतं. त्याचा जीव मात्र बाहेर पडायला तळमळत होता. त्याला वाटलं, मायेत काही खोट नाही, आणि तरी मला इथं राहता येत नाही. असंही असतं तर.

त्यानं तीनदा निरोप मागितला. निवट्यानं दोनदा नाही म्हटलं आणि तिसऱ्यांदा शिदोरी म्हणून चिखलाचा एक गोळा दिला. राजानं तो मस्तकी लावून बरोबर घेतला.

"दुसरं बोट उघडलं," पाणकावळ्यानं परत येऊन सांगितलं. "पण गारवा दंडापर्यंत आला आहे."

आठव्या दिवशी पहाटेच्या उजेडात राजा होडी वल्हवत भर दर्यात आला. वल्ह्यांनी हातांची सालं गेली होती. सूर्याची कोर दिसली तसं त्यानं पाखराला पाण्यात सोडलं. ते लांब, पातळ पर पूर्ण उघडले, आणि खालून आवाज आला, "ये, राजा."

राजा पाण्यात शिरला. त्या घराला भिंत नव्हती, जमीन नव्हती, छप्पर नव्हतं. "घर कुठं आहे?" असं त्याला विचारायचं होतं. तोंड उघडताच खारं पाणी आत शिरलं आणि शब्द आतच राहिला. कातळावर तोंड धारेच्या वर निघे, बिळात हवेची घुमटी होती. इथं तसं काही नव्हतं.

पाखरानं त्याला पाठीवर घेतलं. खालून मोठे मासे तोंडं उघडून येत, तेव्हा पाखरांचा सगळा थवा शेपट्या मारत पाण्याबाहेर उसळे. वारा परांत शिरे आणि चमकत्या लाटा मागे पडत जात. वरून समुद्रपक्षी झडप घालायला टपलेले असत, तेव्हा थवा पुन्हा पाण्यात. वाऱ्यात राजाला क्षणभर फार आनंद होई. पण तोंड उघडून काही म्हणेपर्यंत पाणी आलेलंच असे. दिवसभर हेच चाललं. जेवण म्हणजे पाण्यात तरंगणारे दिसतील न दिसतील असे कण.

सूर्य मावळतीला आला. राजानं निरोप मागायला तोंड उघडलं, आणि तोंडात मीठ भरलं. पुन्हा उघडलं, पुन्हा मीठ. त्यानं हात जोडले, तर तो गोते खात खाली जाऊ लागला. मण्यामुळे मरण येत नव्हतं आणि बोलताही येत नव्हतं.

थव्यातलं एक म्हातारं पाखरू कौतुकानं म्हणालं, "पाहुणा गप्प आहे. खुशीत दिसतो. याला राहू द्या."

"राहू द्या, राहू द्या," सगळा थवा म्हणाला. त्यांच्या मनात काही वाईट नव्हतं.

ते ऐकून राजाच्या डोळ्यांत पाणी आलं, पण समुद्रात ते कुणाला दिसणार? आपण रोज पहाटे काठावर उभे राहून हेच म्हणत होतो, हे त्याला त्या घडीला कळलं.

राजाला पाठीवर घेतलेल्या पाखराला मात्र ते दिसलं. त्यानं राजाच्या डोळ्यांकडे नीट पाहिलं आणि थव्याला म्हटलं, "गप्प आहे म्हणून खुशीत आहे, असं नसतं. मी एक वर्ष गप्प होतो." मग तो राजाला म्हणाला, "तू मागितला नाहीस, तुला मागता येत नाही. तरी तुला निरोप आहे. घरी जा, राजा."

पाखरानं त्याला होडीच्या काठाशी आणून सोडलं. राजा होडीत कितीतरी वेळ पालथा पडून होता. पाणकावळा डोलकाठीवर बसून होता.

एकादशीला राजा वाड्यावर पोचला. राणी माशांवाचून रिकाम्या पुष्करिणीच्या काठावर बसली होती. तिची तीन-तीन बोटं उघडली होती. पण अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट दोन्ही हातांचं मिटलेलंच होतं, आणि त्या दोघांशिवाय सुईसुद्धा धरता येत नाही. गारवा खांद्याला पोचला होता. चार दिवसांवर पुनव होती.

राजानं पुष्करिणीला तीन फेऱ्या मारल्या. पायऱ्या पाहिल्या, कोनाडे पाहिले. पाण्यात एक कमळ सोडून काही नव्हतं. "तिघांना पोचवलं," तो स्वतःशी म्हणत राहिला. "मी आणलेले तिघंच होते."

"दमलात," राणी म्हणाली. "काही खाऊन घ्या." आणि ती हळू हसली, सात वर्षं हसत होती तशी.

राजानं तिच्या डोळ्यांकडे पाहिलं. कालपरवा समुद्रात आपले डोळे कसे दिसले असतील, ते त्याला तिथं दिसलं. तो तिच्या शेजारी पायरीवर बसला.

"वेलावती, तुला इथं येऊन किती वर्षं झाली?"

"सात."

"एकदाही तू निरोप मागितला नाहीस."

"सुनेनं निरोप मागू नये, अशी इथली रीत. सासूबाईंनी उंबरठ्यावरच सांगितलं होतं. आमच्या बेटावर निराळं असतं. ज्यानं नेलं तोच एक दिवस म्हणतो, चल, तुला आईला भेटवून आणतो. मी त्याची वाट पाहत होते."

"आमच्यात माहेरचं माणूस मूळ म्हणून येतं न्यायला," राजा म्हणाला. "मी रोज वेशीकडे पाहत होतो. तुझ्या माणसांना तुझी आठवण नाही, असं वाटून मला वाईट वाटे. तुला लागेल म्हणून बोललो नाही."

"आमच्यात मूळ पाठवत नाहीत. जावयाच्या घराचा तो अपमान होतो."

सात वर्षं दोन घरं एकमेकांचा मान राखत बसली होती, आणि मध्ये ही एक बाई बसली होती. कुणाचा दुष्टपणा असता तर निदान भांडता तरी आलं असतं.

राजा उठला आणि राणीला दरबारात घेऊन गेला. भर दरबारात, प्रधानासमोर, बारा दासींसमोर तो मोठ्यानं म्हणाला, "राणी, आता निघा."

प्रधानानं कानांवर हात ठेवले. एक दासी रडू लागली. पण राणी उभी राहिली. तिनं पायांतले सोन्याचे वाळे दासीकडून काढवून घेतले आणि ती चालू लागली.

राजाही तिच्याबरोबर पायीच निघाला. तिला चालवेना तिथं त्यानं तिला पाठीवर घेतलं. तिचा गार खांदा त्याच्या मानेला लागे आणि तो पाय उचले. पाणकावळा पुढे उडत होता. चौथ्या सकाळी, पुनवेच्या दिवशी, सूर्य उगवताना त्यांची होडी शिंपबेटाला लागली.

अंगणात वेलावतीची आई जाळं विणत बसली होती. तिनं लेकीला पाहिलं, लेकीचे मिटलेले हात पाहिले. ती ओरडली नाही, की धावली नाही. ती थोडी सरकली, शेजारी जागा केली आणि हातातली जाळं विणायची सुई पुढे करून म्हणाली, "घे गं. ही कड तेवढी राहिली आहे."

वेलावतीनं हात पुढे केला. आधी अंगठा उघडला, मग त्याच्या शेजारचं बोट, आणि सुई त्या दोघांत बसली. पहिली गाठ सैल आली. आईनं ती उसवून दिली. दुसरी घट्ट बसली. मग वेलावती आईच्या खांद्यावर डोकं ठेवून इतकी रडली की सात वर्षांत ती इतकी बोललीही नव्हती. गारवा तिच्या खांद्यावरून उतरत उतरत बोटांच्या टोकांतून निघून गेला.

राजा त्या दिवशी तिथं पाहुणा होता. नाईकानं त्याला उलट्या टोपलीवर बसवलं. त्यानं जवळा आणि भाकरी खाल्ली, आंबट कालवण खाल्लं. त्याच्या घशात काटा अडकला, तेव्हा सासूनं कोरड्या भाकरीचा मोठा घास गिळायला लावून तो उतरवला. सारा दिवस त्यानं वेलावतीला मोठ्यानं बोलताना ऐकलं. तिचा आवाज असा आहे, हे त्याला नव्यानंच कळलं.

सूर्य कलला. आता यजमान वेलावती होती. राजानं हात जोडून म्हटलं, "निरोप द्यावा."

"जा," ती म्हणाली.

राजानं विचारलं, "एकदाच?"

"एकदा पुरे. तुमच्या तोंडावर दिसतंय, तुम्हाला काटे सोसत नाहीत."

राजाला विचारायचं होतं, तू कधी येशील. येशील ना. शब्द ओठांपर्यंत आले, आणि यावेळी तोंडात खारं पाणी नव्हतं. तरी त्यानं ते गिळले. होडीत बसताना तो एवढंच म्हणाला, "न्यायला कुणाला पाठवू?"

"कुणाला नको," वेलावती म्हणाली. "वाट माझ्या ओळखीची आहे."

परत जाऊन राजानं मण्याचे दोन्ही तुकडे डोहाईच्या डोहात टाकले. पुष्करिणीची नदीकडची भिंत फोडली. आता पाणी येई आणि जाई. पाण्याबरोबर मासे येत, त्यांना वाटे तितका वेळ राहत आणि जात. पाणकावळा तिथंच राहायला आला आणि पोटभर जेवू लागला. राजाला ते पाहवत नसे, पण तो पाणकावळ्याला हाकलत नसे. राज्यात दवंडी पिटली गेली: पाहुण्याला पान वाढण्याआधी विचारावं, तुमचं घर कुठं, तिथं काय खाता, कुठं बसता. आणि जो गप्प असेल त्याच्या डोळ्यांकडे पाहावं.

वाऱ्याची दिशा बदलली, पुन्हा बदलली. राजा रोज पहाटे वेशीपर्यंत जाई आणि परत येई. कुणी विचारलं तर म्हणे, फिरायला गेलो होतो. लोकही बरं म्हणत.

एका सकाळी वेशीवर एक बाई पायी येताना दिसली. खांद्यावर नवं जाळं, पाय धुळीनं भरलेले, अंगाला सुकटीचा वास. वेशीवरच्या कुणीही तिला ओढलं नाही. दवंडीपासून ती सवय सुटली होती.

राजा पुढे गेला. "आता राहा" असं म्हणायला त्याचं तोंड उघडलं, आणि त्यानं ते मिटलं. मग त्यानं विचारलं, "किती दिवस?"

"अजून ठरवलं नाही," वेलावती म्हणाली. "आधी पाणी तरी विचारा."

राजा आर्जवसेनानं विचारलं, "पाणी घेशील?"

"घेईन," ती म्हणाली आणि पायरीवर बसली. राजा स्वतः आत जाऊन तांब्या भरून घेऊन आला. त्या राज्यावरचा शाप तिथं संपला, आणि माझं सांगणंही.